क्यू. एस.

सातपूरच्या प्रयोगशाळेत पहिल्या दिवशी
गायधनी मॅडमनी माझ्यापुढे एक कागद सरकवला.
खोकल्याच्या औषधाची कृती.
सगळ्यांना आकडे होते:
साखर इतके ग्रॅम, मेन्थॉल इतके मिलिग्रॅम.
शेवटच्या ओळीत पाणी,
आणि पाण्यापुढे नुसती दोन अक्षरं, क्यू. एस.

म्हणजे किती, मी विचारलं.
"बागूल, घरी भाजीत मीठ किती घालतेस?"
चवीपुरतं.
"तेच. फक्त इथं चाखायचं नाही."

शंभर मिली पाणी घालणं वेगळं,
शंभर मिलीपर्यंत पाणी घालणं वेगळं.
एका 'पर्यंत'साठी कॉलेजात माझा अर्धा मार्क गेला होता,
इथं आख्खी बॅच जाते.
पन्नास स्पिरिट आणि पन्नास पाणी
मिळून शंभर होत नाहीत,
थोडं कुठंतरी एकमेकांत मुरतं.
"लग्नातही असंच," मॅडम म्हणाल्या,
आणि मग बराच वेळ
चंबूचं काचेचं बूच पुसत राहिल्या.

मान सुरू होईपर्यंत हात सैल सोडायचा.
मानेत आलं की थेंब.
रेषेजवळ आलं की थेंबाचाही विचार.
डोळा रेषेशी आणायचा, गुडघे वाकवून.
वरून पाहिलं तर भरल्यासारखं दिसतं,
खालून पाहिलं तर उणं.

तिसऱ्या दिवशी माझे दोन थेंब रेषेपुढे गेले.
मी ड्रॉपर बुडवणार,
तोच मॅडमनी मनगट धरलं.
"काढशील ते नुसतं पाणी नसेल.
औषधही येईल त्याच्यासोबत."
सकाळभराचं काम बेसिनमध्ये ओतलं.
मेन्थॉलचा वास दिवसभर नाकात,
सर्दी नसताना.

ऑगस्टात गंगापूर धरणातून पाणी सोडलं.
बातम्यांत क्युसेकचे आकडे,
पण पुलावर उभ्या माणसांना
आकडा कुणालाच नको होता.
दुतोंड्या मारुतीच्या गुडघ्याला लागलं.
कमरेपर्यंत आलं.
एक आजोबा छत्री मिटून म्हणाले,
"छातीपर्यंत गेलं की सराफ बाजारात शिरतं, बघा."
मी हसले. अख्खं नाशिक
एका दगडी मारुतीवर रेघ मारून बसलंय.
डोळा रेषेशी आणायला मीही वाकले,
पण पुलावरून सगळं वरूनच दिसतं.

माझं नेमणूकपत्र अकरा महिन्यांचं.
तात्पुरती, असं त्यात लिहिलेलं.
त्या शब्दाच्या पोटातही 'पुरती' आहे
हे दहाव्या महिन्यात दिसलं,
कँटीनच्या रांगेत, ताट हातात असताना.
मग दिवसभर तोच चाळा:
नावापुरती रजा, पोटापुरता पगार,
आणि एचआरचा तो मुलगा,
कामापुरता मामा म्हणणारा.
रात्री खोलीवर आईचा फोन.
पैसे पुरतात ना गं?
पुरतात, म्हटलं.
किती, ते तिनं विचारलं नाही.

शेवटच्या शनिवारी शेवटचा चंबू.
नोंदवहीत सगळ्यांपुढे वजन लिहिलं, दशांशाच्या चौथ्या स्थानापर्यंत.
पाण्यापुढे तीच दोन अक्षरं.
पाणी किती लागलं, हे कुणी विचारत नाही,
रेषेवर थांबलीस का, तेवढं विचारतात.
सही केली. बूच लावलं.
वीसदा उलटंसुलटं करायचं असतं,
नाहीतर औषध खाली, पाणी वर,
आणि रेषेवर सगळं अगदी बरोबर दिसतं.
सतराव्याला मॅडमनी चहाला हाक मारली.
येते, म्हटलं,
अठरा.